दीर्घिकांचा जमाखर्च



रामदासपेठेतील एखाद्या गच्चीवरून रात्री वर पाहिले, तर आकाशात मोजकेच तारे दिसतात. वर्धा रोडचे दिवे, रुग्णालयांच्या पाट्या आणि दुकानांची रोषणाई यांपुढे मंद तारे टिकत नाहीत. तरीही हिवाळ्यात मृग नक्षत्र सहज ओळखू येते. मध्ये तीन ताऱ्यांची सरळ ओळ, एका बाजूला तांबूस काक्षी, दुसऱ्या बाजूला निळसर पांढरा राजन्य आणि थोड्या अंतरावर लखलखणारा व्याध. त्या तीन ताऱ्यांच्या दक्षिणेला आणखी तीन मंद ठिपके आहेत. शहराच्या उजेडापासून दूर, रामटेक किंवा उमरेडच्या वाटेवर जाऊन साध्या द्विनेत्री दुर्बिणीने पाहिले, तर त्यांतला मधला ठिपका धुरकट भासतो. तो एकटा तारा नाही. तो वायूचा आणि धुळीचा प्रचंड मेघ आहे, आपल्यापासून सुमारे १३५० प्रकाशवर्षे दूर. त्या मेघात आजही नवे तारे जन्माला येत आहेत.

तारे जन्मतात हे एकदा मान्य केले की व्यापारी घराण्यात वाढलेल्या माणसाच्या मनात पुढचे प्रश्न आपोआप उभे राहतात. हे तारे ज्यातून घडतात तो कच्चा माल कोणता? तो येतो कोठून? शिल्लक किती आहे? आणि ती किती काळ पुरेल? खगोलशास्त्रज्ञांनाही हेच प्रश्न अनेक दशके सतावीत होते. त्यांतल्या शिल्लक मालाच्या प्रश्नाचे एक महत्त्वाचे उत्तर आपल्याच महाराष्ट्रात, पुणे जिल्ह्यातील जुन्नर तालुक्यात मिळाले आहे. या महिन्याच्या लेखात त्या उत्तराची हकिगत सांगायची आहे.

प्रथम ताऱ्याच्या जन्माविषयी. ताऱ्यांमधील पोकळी अगदीच रिती नसते. तिच्यात विरळ वायू असतो. वजनाने पाहिल्यास त्याचा सुमारे तीनचतुर्थांश भाग हायड्रोजन, उरलेला बहुतांश हेलियम आणि थोडी धूळ. काही ठिकाणी हा वायू दाट होतो आणि विलक्षण थंड होतो. अशा मेघाचे तापमान उणे २६० अंश सेल्सिअसच्या आसपास असते. थंड वायूला बाहेर ढकलणारा दाब कमी असतो, म्हणून गुरुत्वाकर्षणाचा जोर वरचढ ठरतो आणि मेघ स्वतःच्याच भाराने आत कोसळू लागतो. आकुंचनाबरोबर त्याचा गाभा तापत जातो. ते तापमान सुमारे एक कोटी अंशांवर पोहोचले की हायड्रोजनची अणुकेंद्रे एकमेकांत मिसळून हेलियम बनू लागते. त्या क्षणी खऱ्या अर्थाने तारा प्रज्वलित होतो.

आपला सूर्य अशाच रीतीने सुमारे ४६० कोटी वर्षांपूर्वी जन्मला. तो दर सेकंदाला सुमारे ६० कोटी टन हायड्रोजनचे हेलियम करतो, आणि त्यापैकी सुमारे ४० लाख टन वस्तुमान ऊर्जेत बदलून जाते. हा खर्च ऐकून छाती दडपते. परंतु सूर्याचे मूळ भांडवल इतके मोठे आहे की या गतीने तो आणखी सुमारे ५०० कोटी वर्षे तळपत राहील.

सर्वच ताऱ्यांचे असे नाही. राजन्य या ताऱ्याचे वस्तुमान सूर्याच्या सुमारे वीस पट आहे. वीस पट भांडवल असलेल्याने वीस पट काळ टिकावे, असे वरवर वाटते. प्रत्यक्षात त्याची प्रखरता सूर्याच्या अनेक हजार पट आहे. जमा वीस पट आणि खर्च हजारो पट, असा हा व्यवहार आहे. म्हणून अशा ताऱ्याचे आयुष्य सुमारे कोटभर वर्षांतच आटोपते. उलट, सूर्याच्या दहाव्या हिश्श्याएवढे वस्तुमान असलेला लहानसा तांबडा तारा इतका काटकसरीने जळतो की त्याचे आयुष्य एक लाख कोटी वर्षांहूनही अधिक भरते. आज विश्वाचे वयच सुमारे १३८० कोटी वर्षे आहे. याचा अर्थ असा की इतक्या लहान ताऱ्यांपैकी एकही तारा अद्याप वार्धक्याने विझलेला नाही.

आता एका ताऱ्यावरून ताऱ्यांच्या मोठ्या वसाहतीकडे वळू. अशा वसाहतीला दीर्घिका म्हणतात. आपण ज्या दीर्घिकेत राहतो ती आकाशगंगा. तिच्यात किमान दहा हजार कोटी तारे आहेत. प्रत्येक दीर्घिका म्हणजे एक जुनी पेढी आहे असे समजा. तिचे भांडवल म्हणजे वायू, आणि त्या वायूतून घडणारे तारे म्हणजे तिची उलाढाल. आपल्या आकाशगंगेची आजची उलाढाल बेताचीच आहे. वर्षाकाठी जेवढे नवे तारे तिच्यात घडतात, त्या सर्वांचे मिळून वस्तुमान साधारण एकदोन सूर्यांएवढे भरते.

पूर्वी असे नव्हते. खगोलशास्त्रात दूर पाहणे म्हणजे भूतकाळात पाहणे होय. शंभर कोटी वर्षे प्रवास करून आलेला प्रकाश शंभर कोटी वर्षांपूर्वीचे दृश्य दाखवतो. पेढीच्या माळ्यावर जुन्या खतावण्या वर्षावर्षाने रचून ठेवलेल्या असाव्यात आणि पाहिजे ते वर्ष उघडून वाचता यावे, तसे हे आहे. या खतावण्या वाचून शास्त्रज्ञांना कळले की विश्वातील ताऱ्यांची निर्मिती सुमारे एक हजार कोटी वर्षांपूर्वी ऐन भरात होती. त्यानंतर ती घटत गेली आणि आज ती त्या वेळेच्या सुमारे एक दशांशावर आली आहे.

घट झाली हे ठाऊक होते. ती का झाली, हे कळत नव्हते. एखाद्या दुकानाची विक्री दरसाल घटत असेल तर दोन शक्यता असतात. एक, गोदामातला मालच संपत आला असेल. दुसरी, माल भरपूर असेल, परंतु काही कारणाने तो खपत नसेल. यांतली खरी कोणती हे ठरवायचे तर गल्ल्यापुढे बसून भागत नाही. गोदामाचे कुलूप उघडून साठा मोजावा लागतो. दीर्घिकांचे गोदाम म्हणजे त्यांतील अणुरूप हायड्रोजन. हा वायू पुढे थंड व दाट होऊन रेणुरूप होतो आणि त्या रेणुरूप वायूतून तारे घडतात. जुन्या काळच्या दीर्घिकांतील ताऱ्यांचा प्रकाश मोठ्या दुर्बिणींना दिसत होता, परंतु त्यांचे गोदाम कोणालाच दिसत नव्हते.

गोदाम न दिसण्याचे कारण असे. थंड अणुरूप हायड्रोजन डोळ्यांना दिसेल असा प्रकाश देत नाही. तो केवळ एक अत्यंत क्षीण रेडिओलहर सोडतो. तिची लांबी २१ सेंटिमीटर असते. अशी लहर हायड्रोजनच्या अणूकडून निघू शकेल, असे भाकीत डच शास्त्रज्ञ व्हॅन द हुल्स्ट यांनी १९४४ मध्ये, महायुद्धाच्या धामधुमीत केले, आणि १९५१ मध्ये अमेरिकेत युवेन आणि पर्सेल यांनी ती प्रत्यक्ष टिपली. एकटा अणू ही लहर सरासरीने एक कोटीहून अधिक वर्षांतून एकदा सोडतो. दीर्घिकेत अणूंची संख्या अफाट असते, म्हणूनच काही हाती लागते. तरीदेखील अतिदूरच्या दीर्घिकेची ही लहर आपल्यापर्यंत येईतो इतकी मंदावते की ती गोंगाटात हरवून जाते. शिवाय विश्व प्रसरण पावत असल्याने वाटेत तिची लांबीही वाढते. ८०० कोटी वर्षांपूर्वी निघालेली २१ सेंटिमीटरची लहर आपल्याला सुमारे ४२ सेंटिमीटरची होऊन भेटते.

ही मंद लहर टिपण्याजोगे साधन जुन्नर तालुक्यात आहे. नारायणगावजवळच्या खोडद या गावी जायंट मीटरवेव्ह रेडिओ टेलिस्कोप ही महादुर्बीण उभी आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या तिच्यात आहेत. त्यांपैकी चौदा मध्यभागी जवळजवळ आहेत आणि उरलेल्या सोळा तीन दिशांच्या रांगांत दूरवर पसरलेल्या आहेत. सुमारे २५ किलोमीटरच्या विस्तारातील या तबकड्या मिळून एका दुर्बिणीचे काम करतात. पुण्याच्या राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्राकडे तिचा कारभार आहे आणि हे केंद्र टाटा मूलभूत संशोधन संस्थेचा भाग आहे.

ही दुर्बीण प्राध्यापक गोविंद स्वरूप यांच्या कल्पनेतून साकारली. एवढ्या मोठ्या तबकड्या भरीव पत्र्याच्या केल्या असत्या तर खर्च आवाक्याबाहेर गेला असता. स्वरूप यांनी पोलादी तारांचे दोर ताणून त्यांवर बारीक तारेची जाळी बसवण्याची रचना योजली. तिच्यातून वारा आरपार जातो, म्हणून तबकडीचे वजन आणि आधाराचा खर्च दोन्ही कमी झाले. थोडक्या पैशांत मोठे काम कसे साधावे, याचा हा नमुना व्यापाऱ्यांनीही अभ्यासावा असा आहे. जुन्या काळातील हायड्रोजनचा शोध घेणे, हे ही दुर्बीण उभारण्यामागचे एक प्रमुख उद्दिष्ट होते.

ते उद्दिष्ट सफल होण्यास बराच काळ लागला. दुर्बिणीची यंत्रणा नव्याने सुधारल्यानंतर तिच्या साहाय्याने ७६५३ दीर्घिकांचे निरीक्षण करण्यात आले. निरीक्षणाचा काळ सुमारे शंभर तासांचा होता. यांतील एकाही दीर्घिकेची लहर स्वतंत्रपणे ऐकू येण्यासारखी नव्हती. तेव्हा शास्त्रज्ञांनी एक युक्ती केली. धान्याच्या काट्यावर राईचा एक दाणा ठेवला तर काटा हलत नाही. परंतु सात हजार दाणे एकत्र टाकले तर वजन दिसते, आणि दाण्यांच्या संख्येने भागले की एका दाण्याचे सरासरी वजन मिळते. त्याचप्रमाणे या सर्व दीर्घिकांच्या लहरी गणिताने एकत्र करण्यात आल्या आणि सरासरी साठा हाती आला.

तो साठा मोठा होता. ८०० कोटी वर्षांपूर्वीच्या त्या दीर्घिकांत अणुरूप हायड्रोजनचे वस्तुमान जवळजवळ त्यांच्या ताऱ्यांच्या वस्तुमानाएवढे होते. आजच्या आकाशगंगेत ताऱ्यांच्या मानाने वायू फारच थोडा आहे. म्हणजे त्या पेढ्या आजच्यापेक्षा कितीतरी भरलेल्या होत्या. मात्र खर्चाची बाजू मांडल्यावर चित्र पालटले. त्या दीर्घिका इतक्या वेगाने तारे घडवीत होत्या की नवी आवक झाली नाही, तर तेवढा साठा अवघी १०० ते २०० कोटी वर्षे पुरला असता. विश्वाच्या मापाने हा काळ अल्प आहे. पुढे तारानिर्मिती घटली, त्या अर्थी बाहेरून येणारा नवा वायू खर्चाच्या मानाने अपुरा पडला असावा, असा निष्कर्ष शास्त्रज्ञांनी काढला. भरलेले गोदाम पाहून पेढी सुस्थितीत आहे असे समजणे किती फसवे असते, हे चोपडापूजनाला जुन्या वर्षाचा ताळेबंद पाहणाऱ्यांना वेगळे सांगायला नको.

हे संशोधन १४ ऑक्टोबर २०२० रोजी नेचर या नियतकालिकात प्रसिद्ध झाले. प्राध्यापक स्वरूप ते पाहू शकले नाहीत. त्याच्या पाचच आठवडे आधी, ७ सप्टेंबर २०२० रोजी, पुण्यात त्यांचे निधन झाले होते.

या कामाशी आपल्या नागपूरचाही एक दूरचा धागा जुळतो. संशोधन करणाऱ्या पाच जणांपैकी आदित्य चौधरी, निस्सीम काणेकर आणि जयराम चेंगलूर हे पुण्याच्या केंद्राचे, तर के. एस. द्वारकानाथ आणि शिव सेठी हे बेंगळुरूच्या रमण संशोधन संस्थेचे. ही संस्था सर चंद्रशेखर वेंकट रमण यांनी १९४८ मध्ये स्थापन केली. आणि हेच रमण तरुणपणी सरकारच्या वित्त विभागात अधिकारी होते. १९१० मध्ये त्यांची नेमणूक नागपूरला झाली होती. दिवसा सरकारी हिशेब तपासायचे आणि उरलेल्या वेळी भौतिकशास्त्राचा ध्यास धरायचा, असा तो काळ. गांधीसागर तलावाजवळचे रमण विज्ञान केंद्र त्यांच्याच नावाने उभे आहे. एका हिशेब तपासनिसाने पुढे जी संस्था काढली, तिच्यातील शास्त्रज्ञांनी विश्वाच्या जमाखर्चातली एक महत्त्वाची नोंद तपासण्यास हातभार लावावा, हा योग समाधान देणारा आहे.

आता आवकेचा प्रश्न. दीर्घिकेला नवा वायू दोन मार्गांनी मिळतो. दीर्घिकांमधील विशाल अवकाशात विरळ वायू पसरलेला आहे. तो हळूहळू आत ओढला जातो. दुसरा मार्ग म्हणजे लहान दीर्घिका मोठीत विलीन होणे. आपली आकाशगंगाही याला अपवाद नाही. धनू राशीच्या दिशेला एक बटू दीर्घिका आहे. १९९४ मध्ये तिचा शोध लागला. आकाशगंगेच्या ओढीने ती ताणली जाऊन तिचे तारे हळूहळू आपल्या आकाशगंगेत मिसळत आहेत. याखेरीज स्मिथचा मेघ या नावाने ओळखला जाणारा एक हायड्रोजनचा मेघ आकाशगंगेच्या तबकडीकडे येत आहे. सुमारे तीन कोटी वर्षांत तो तिला येऊन मिळेल.

दोन तुल्यबळ दीर्घिका एकमेकींना भिडतात, तेव्हा मात्र वेगळेच घडते. त्यांतील तारे सहसा एकमेकांवर आदळत नाहीत, कारण त्यांच्यामधील अंतरे फार मोठी आहेत. सूर्य राईएवढा मानून तो रामदासपेठेत ठेवला, तर त्याच्या सर्वांत जवळच्या ताऱ्याची राई रामटेकच्या आसपास ठेवावी लागेल. वायूचे मेघ मात्र विस्तीर्ण असल्याने आदळतात, दाबले जातात आणि अल्प काळात असंख्य तारे जन्माला येतात. या घाईत दोन्हींचे भांडवल झपाट्याने संपते. पुढे नवी आवक न झाल्यास तारुण्यातले निळे तारे विझून जातात आणि दीर्घायुषी तांबूस तारे तेवढे मागे उरतात.

दीर्घिकांच्या दाट वस्तीत वायू गमावण्याचे आणखी एक कारण असते. शेकडो दीर्घिकांच्या समूहात अतिशय तप्त वायू भरलेला असतो. त्यातून वेगाने जाणाऱ्या दीर्घिकेचा स्वतःचा वायू मागे खेचला जातो, वाऱ्यात उपरणे उडून जावे तसा. अशा अनेक समूहांचा मिळून महासमूह होतो. मीन राशीच्या दिशेला सुमारे ४०० कोटी प्रकाशवर्षांवर असलेला असाच एक महासमूह पुण्यातील शास्त्रज्ञांनी शोधला आणि जुलै २०१७ मध्ये जाहीर केला. त्याला त्यांनी सरस्वती हे नाव दिले.

आपल्या आकाशगंगेचे पुढे काय होणार? २५ लाख प्रकाशवर्षांवरची देवयानी ही मोठी दीर्घिका सेकंदाला सुमारे ११० किलोमीटर वेगाने आपल्याकडे येत आहे. दोघींची धडक अटळ आहे, असे बरीच वर्षे मानले जात होते. २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या नव्या गणिताने ही खात्री सैल केली. शेजारच्या इतर दीर्घिकांची ओढ हिशेबात धरल्यावर पुढील एक हजार कोटी वर्षांत त्या एक होण्याची शक्यता साधारण निम्मीच उरते. जुनी नोंद नव्या पुराव्यापुढे दुरुस्त करणे हा विज्ञानाचा रिवाजच आहे.

शेवटी या ज्ञानाच्या मोलाविषयी. जी लहर ८०० कोटी वर्षे चालून येते, ती ऐकण्यासाठी खोडदच्या परिसरात रेडिओशांतता राखावी लागते. मोबाइलचा मनोरा, विजेची ठिणगी, एखादे बिघडलेले यंत्र यांचा गोंगाट त्या लहरीपेक्षा अनेक पटींनी मोठा ठरतो. म्हणून त्या टापूत उद्योग उभारण्यावर बंधने आहेत. पुणे–नाशिक या नियोजित रेल्वेची नारायणगावाकडून जाणारी आखणीही याच कारणाने अडली आणि दुसऱ्या मार्गाचा विचार पुढे आला. नारायणगाव ही टोमॅटोची मोठी बाजारपेठ आहे. रेल्वे दाराशी आली असती तर तेथील शेतकऱ्याला आणि व्यापाऱ्याला काय लाभ झाला असता, हे आपल्या वाचकांना समजावून सांगण्याची गरज नाही. त्यामुळे तेथील लोकांची नाराजी समजण्याजोगी आहे. तिला विज्ञानविरोध म्हणणे अन्यायाचे होईल.

दुर्बीण त्या जागी आहे ती डोंगरांच्या आडोशामुळे आणि शांततेमुळे. ती शांतता एकदा गेली की कोणत्याही किमतीला परत विकत घेता येत नाही. रेल्वेला मात्र दुसरी वाट काढता येते. म्हणून दुर्बीण राखण्याचा निर्णय योग्य वाटतो. पण निर्णय योग्य असला तरी त्याचा भार कोणीतरी सोसतो आहे, हे विसरणे बरे नव्हे. प्रामाणिक वहीत प्रत्येक नोंदीला दोन बाजू असतात. दीर्घिकांच्या जमाखर्चाचे जे पान भारताने जगापुढे उघडले, त्यावर शास्त्रज्ञांची नावे आहेत आणि ती असायलाच हवीत. त्याच पानावर जुन्नरकरांच्या नावेही एक रक्कम जमा आहे. देशाने ती कधीतरी चांगले रस्ते, शीतगृहे आणि दळणवळणाच्या अन्य सोयी देऊन चुकती करावी.